उचल, मूल आणि मुक्तीचा दाखला : नाशिक जिल्ह्यातलं एक प्रकरण

2023 च्या हिवाळ्यात नाशिक जिल्ह्याच्या पूर्व भागातल्या एका ग्रामीण रुग्णालयात एक मुलगा आणला गेला. पायात बाभळीचा काटा मोडून आतच राहिलेला, पाऊल सुजून टम्म झालेलं, अंगात सणसणून ताप. बरोबर आलेल्या माणसाने केसपेपरवर मुलाचं नाव सांगितलं, पण बापाचं नाव विचारल्यावर तो अडखळला. "पाहुण्याचा पोरगा आहे," म्हणाला. ड्युटीवरच्या डॉक्टर मॅडमनी जखम साफ केली, इंजेक्शन दिलं आणि मग मुलालाच विचारलं, "घर कुठे रे बाळा तुझं?" तो म्हणाला, "लई लांब. डोंगराकडं." मॅडमनी 1098 ला, म्हणजे चाइल्डलाइनला, फोन लावला.

हा फोन करणं त्यांचं कायदेशीर कर्तव्यच होतं. पालकांपासून दुरावलेलं मूल कुणाला आढळलं, तर 24 तासांच्या आत चाइल्डलाइनला, पोलिसांना, बालकल्याण समितीला किंवा जिल्हा बाल संरक्षण कक्षाला कळवायचं, असं 2015 च्या बाल न्याय अधिनियमाचं कलम 32 सांगतं. न कळवणं हा कलम 33 खाली गुन्हा आहे. रुग्णालयं, दवाखाने, नर्सिंग होम यांचा त्यात वेगळा उल्लेख आहे. तरी अशी कितीतरी मुलं मलमपट्टी करून आलेल्या माणसाच्या हवाली केली जातात. इथे तसं झालं नाही, म्हणून हे प्रकरण उभं राहिलं.

मी नाशिकला वकिली करतो. जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडून हे काम माझ्याकडे आलं. 1987 च्या विधी सेवा अधिनियमाच्या कलम 12 प्रमाणे अनुसूचित जमातीची व्यक्ती, वेठबिगारीची बळी ठरलेली व्यक्ती आणि मूल, या तिघांनाही उत्पन्न न बघता मोफत वकील मिळतो. हा मुलगा तिन्ही अर्थांनी त्या कलमात बसत होता. बाल न्याय अधिनियमाच्या कलम 74 मुळे त्याचं नाव, पाडा, शाळा यातलं काहीही इथे येणार नाही, आणि ओळख पटेल असे तपशीलही बदलले आहेत. प्रकरण समजायला त्यांची गरजही नाही.

मेंढरावर ठेवलेला मुलगा

मुलगा कातकरी. घर जिल्ह्याच्या पश्चिम पट्ट्यात, डोंगरउतारावरच्या पाड्यावर. महाराष्ट्रात कातकरी, कोलाम आणि माडिया गोंड या तीन जमाती विशेष असुरक्षित आदिवासी गटात मोडतात. या कुटुंबाला स्वतःची जमीन नाही. पावसाळ्यात भाताच्या आवणीची (लावणीची) मजुरी, दिवाळीनंतर वीटभट्टी, मधल्या काळात जे मिळेल ते. 2022 च्या गणपतीत आई आजारी पडली. खासगी दवाखान्याचं बिल झालं तेव्हा ओळखीच्या एका मध्यस्थाने बापाला पाच हजार रुपये उचल, म्हणजे कामापोटी आगाऊ पैसे, दिले आणि मोठ्या पोराला 'मेंढरावर' ठेवायचं ठरवलं. वर्ष भरलं की वर एक मेंढी द्यायची, असा शब्द होता. कागद नव्हता, साक्षीदार नव्हते. दुसऱ्या दिवशी सकाळी मोटारसायकलवर बसून मुलगा गेला.

वर्ष भरल्यावर बाप मुलाला आणायला गेला, तर हिशेब वेगळाच निघाला. तीन कोकरं दगावली ती पोराच्या हयगयीने, एक लांडग्याने नेलं ते त्याला झोप लागली म्हणून, शिवाय कपडे आणि औषध. उचल फिटलीच नव्हती. उलट वाढली होती. बाप रिकाम्या हाताने परत आला.

मुलाचं काम काय होतं ते त्यानेच सांगितलं. उजाडायच्या आत वाघूर, म्हणजे मेंढ्यांभोवतीचं जाळीचं कुंपण, सोडायची, तान्ही कोकरं वेगळी काढायची, मोठा कळप चरायला गेला की लंगड्या-आजारी मेंढ्यांबरोबर मागे राहायचं, पाणी आणायचं, सरपण गोळा करायचं. रात्री ज्या शेतात मेंढ्या बसवल्या असतील तिथेच वाघुरीच्या कडेला निजायचं. मार त्याच्या सांगण्यात ओझरता आला. जास्त बोलला तो भाकरीबद्दल: सगळ्यांची जेवणं झाल्यावर त्याला मिळायची.

इथे एक गोष्ट लिहायलाच हवी. ज्या मेंढपाळ कुटुंबाकडे तो होता, त्यांचीही पोरं शाळेत नव्हती. वर्षातले आठ-नऊ महिने रानोमाळ, बिऱ्हाड घोड्यावर, पोलीस पाटलापासून वनरक्षकापर्यंत प्रत्येकाची बोलणी खायची, हे त्यांचं जगणं. त्यांनी केलेल्या गोष्टीची जबाबदारी त्याने कमी होत नाही. पण एका कष्टकरी जमातीला राक्षस ठरवून मोकळं व्हायचं आणि मध्यस्थाला मात्र पुढच्या पाड्यावर जाऊ द्यायचं, असं या विषयात नेहमी होतं. सप्टेंबर 2022 मध्ये इगतपुरी तालुक्यातल्या उभाडे इथल्या कातकरी मुलांचं प्रकरण गाजलं होतं. मेंढपाळांकडे राबायला ठेवलेल्या मुलांपैकी एका मुलीचा जीव गेला, तेव्हा सगळ्या महाराष्ट्राला हे कळलं. आमचा मुलगा त्याच हंगामात मेंढरावर गेला होता. म्हणजे वर्तमानपत्रांत ते मथळे छापले जात होते, तेव्हा जिल्ह्याच्या दुसऱ्या टोकाला हा कोकरं राखत होता.

पहिली नोंद कशाखाली

मुलाला बालकल्याण समितीपुढे 24 तासांत हजर केलं गेलं. ते व्यवस्थित पार पडलं. गाडी अडली पोलीस ठाण्यात.

ठाणे अंमलदारांनी 1986 च्या बालकामगार कायद्याखाली तक्रार लिहून घ्यायची तयारी दाखवली. ती चूक नव्हती. 2016 च्या दुरुस्तीनंतर 14 वर्षांखालच्या मुलाला कुठल्याही कामावर ठेवायला बंदी आहे. त्याआधी बंदी फक्त यादीतल्या कामांपुरती होती आणि गुरं-मेंढरं राखणं त्या यादीत नव्हतं. आता सहा महिने ते दोन वर्षं कैद, वीस ते पन्नास हजार दंड आणि गुन्हा दखलपात्र. साहेबांचं म्हणणं, "वकीलसाहेब, झालं ना काम. पोरगं सुटलं, मालकावर गुन्हा दाखल. अजून काय पाहिजे?"

मला उचल नोंदवलेली पाहिजे होती. सगळं प्रकरण त्यावर उभं होतं. बालकामगार कायद्याला मुलाचं वय आणि काम दिसतं, बापाच्या डोक्यावरचं कर्ज दिसत नाही. ते कागदावर आलं नाही तर कर्ज जिवंत राहतं. चार महिन्यांनी मध्यस्थ पुन्हा पाड्यावर येतो आणि म्हणतो, पैसे टाक, नाहीतर धाकट्याला पाठव. अशी धाकटी भावंडं मी पाहिली आहेत.

1976 चा वेठबिगार पद्धती निर्मूलन कायदा ही गाठ सोडवतो. त्याच्या कलम 2 मधल्या व्याख्येत उचल घेणाऱ्याने स्वतः राबावं अशी अट नाही. कुटुंबातल्या कुणीही, त्याच्यावर अवलंबून असलेल्या कुणीही राबावं असा व्यवहार असला, तरी ती वेठबिगारीच. बापाने घेतलेल्या पैशांपोटी राबणारं मूल त्यात सरळ बसतं. कलम 6 म्हणतं की असं कर्ज कायद्याने संपुष्टात आलं, ते कुणी मागू शकत नाही, त्यासाठी दावाही चालत नाही. आणि कलम 15 या सगळ्याचा कणा आहे: मजूर म्हणाला की हे वेठबिगारीचं कर्ज आहे, तर तसं नाही हे सिद्ध करायची जबाबदारी पैसे देणाऱ्यावर जाते. सर्वोच्च न्यायालयाने 1982 मध्ये एशियाड बांधकामावरच्या मजुरांच्या खटल्यात किमान वेतनापेक्षा कमी पैशांत करून घेतलेलं काम म्हणजे घटनेच्या अनुच्छेद 23 मधली वेठ, असं म्हटलं. डिसेंबर 1983 मध्ये बंधुआ मुक्ती मोर्चाच्या खटल्यात त्याच न्यायालयाने सांगितलं की सक्तीने काम करून घेतलं जात असेल, तर त्यामागे उचल आहे असं गृहीत धरायचं. मजुराने पावती दाखवावी अशी अपेक्षाच ठेवायची नाही. पावती असते कुणाकडे?

'बापाने मर्जीने पाठवलं' हे उत्तर ठाण्यात वारंवार आलं. बापाने स्वतःही तसंच सांगितलं होतं, कारण आपल्यालाच आत टाकतील या भीतीने तो हादरला होता. माणूस दारात उभा राहून चप्पल काढून बोलत होता. त्याला आधी हे समजावावं लागलं की या व्यवहारात तो आरोपी नाही, कर्जदार आहे.

आणखी एक अडचण अलीकडची आहे आणि ती फार लोकांना माहीत नाही. बाल न्याय अधिनियमाचं कलम 79 मुलाला कामासाठी डांबून ठेवणाऱ्याला पाच वर्षांपर्यंत सक्तमजुरी आणि एक लाख दंड सांगतं. अगदी आमच्या प्रकरणासाठी लिहिल्यासारखं. पण 2021 च्या दुरुस्तीने तीन ते सात वर्षं शिक्षेचे या कायद्यातले गुन्हे अदखलपात्र ठरवले आणि सप्टेंबर 2022 पासून ते लागू झालं. म्हणजे केवळ कलम 79 घेऊन ठाण्यात गेलं, तर दंडाधिकाऱ्यांच्या आदेशाशिवाय पोलीस तपासच करू शकत नाहीत. मुलांवरच्या अन्यायाच्या तक्रारीला संसदेने हा जो अडसर घातला, त्याचं समर्थन मला कुठेच सापडलेलं नाही. वाट एवढीच उरते की बरोबर एखादा दखलपात्र गुन्हा असला, की सगळं प्रकरण दखलपात्र धरलं जातं. वेठबिगार कायद्याखालचा प्रत्येक गुन्हा दखलपात्र आहे. म्हणून तो कायदा पहिल्याच फिर्यादीत येणं अत्यावश्यक होतं. शेवटी वेठबिगार कायदा, बालकामगार कायदा, कलम 79, भारतीय दंड संहितेची मानवी तस्करी आणि सक्तीच्या श्रमाची कलमं आणि अ‍ॅट्रॉसिटी कायदा, असा गुन्हा नोंदवला गेला. त्यासाठी वरिष्ठ अधिकाऱ्यांना लेखी अर्ज द्यावा लागला, पण त्यांनी तो वाचला आणि त्याच दिवशी ठाण्याला फोन केला, हेही नोंदवायला हवं.

दोनदा मेंढ्या व्याल्या

बालकल्याण समिती म्हणजे अध्यक्ष आणि चार सदस्य, त्यांना न्यायदंडाधिकाऱ्यांचे अधिकार. नाशिकला उंटवाडीच्या निरीक्षणगृहाची जागा वकिलांना, पोलिसांना आणि दुर्दैवाने कितीतरी मुलांना माहीत असते. समितीपुढचा या मुलाचा जबाब मी विसरणार नाही.

लिपिकाने रिवाजाप्रमाणे विचारलं, किती तारखेपासून कामाला होतास? मुलगा गप्प. महिना कोणता? गप्प. 'सांगता येत नाही' असं लिहायला लिपिकाने पेन टेकवलं, तेव्हा समितीतल्या एका सदस्य बाईंनी त्याला थांबवलं. त्या खुर्ची सोडून मुलाशेजारी येऊन बसल्या आणि म्हणाल्या, "तू होतास तेव्हा मेंढ्या कितीदा व्याल्या रे?" मुलगा लगेच म्हणाला, "दोनदा." पहिल्यांदा व्याल्या तेव्हा रानात काय होतं? "कांदा काढीत व्हते." दुसऱ्यांदा? "बाजरी उभी व्हती, कणसं आल्ती." आणि तू गेलास तेव्हा? "गणपती बसल्ते."

उन्हाळ कांद्याची काढणी मार्च-एप्रिलची, बाजरीला कणसं भाद्रपदात. गणपती 2022 ते हिवाळा 2023, असा सव्वा वर्षाचा काळ कुठलाही कागद नसताना पक्का झाला. पुढे मुलाच्या आश्रमशाळेचं जनरल रजिस्टर मागवलं. त्याच्या नावासमोर लाल शाईत 'सतत गैरहजर' असा शेरा होता आणि 2022 च्या दिवाळीनंतर नाव कमी केलेलं होतं. दोन्ही नोंदी तंतोतंत जुळल्या. त्याच रजिस्टरमधल्या जन्मतारखेने वयही ठरलं, अकरा वर्षं. शाळेचा दाखला असेल तर वयासाठी हाडांची तपासणी करायची नाही, असा बाल न्याय अधिनियमाच्या कलम 94 मधला क्रम आहे, त्यामुळे मुलाला एक्स-रेसाठी फिरवावं लागलं नाही.

त्या लाल शेऱ्याबद्दल मात्र मी समितीपुढे बोललो. शिक्षण हक्क कायद्याच्या कलम 16 नुसार प्राथमिक शिक्षण पुरं होईपर्यंत मुलाला शाळेतून काढता येत नाही. नाव कमी केलं की मूल शाळेच्या दृष्टीने नाहीसं होतं. पटावर असतं तर गैरहजेरीचा प्रश्न कुणीतरी विचारला असता. मुख्याध्यापकांनी उत्तर दिलं की पालक स्थलांतरित झाले असतील असं वाटलं. पश्चिम पट्ट्यातल्या शाळांत हे वाटणं इतकं सवयीचं झालं आहे की वीटभट्टीवर आईबापाबरोबर गेलेलं मूल आणि एकटंच उचलीपोटी पाठवलेलं मूल यांत पटावर काही फरक उरत नाही.

प्रांतांची सही

मूल सुटलं, बालगृहात गेलं, पाय बरा झाला. बाहेरच्या माणसाला वाटेल इथे गोष्ट संपली. कायद्याने तो अजून मोकळा झाला नव्हता.

वेठबिगाराला मोकळं करतो तो मुक्तीचा दाखला. तो देतात जिल्हाधिकारी किंवा प्रांत, म्हणजे उपविभागीय दंडाधिकारी. हा दाखला असेल तर केंद्राच्या वेठबिगार पुनर्वसन योजनेत तातडीची मदत मिळते, 2021 च्या सुधारणेनंतर 30 हजार रुपयांपर्यंत, आणि ती खटल्याच्या निकालावर अवलंबून नसते. सक्तीच्या मजुरीतून सोडवलेल्या मुलाला पुढे 2 लाख रुपये मिळायचे असतात आणि त्यातला मोठा हिस्सा त्याच्या नावावर ठेव म्हणून राहतो. दाखला नसेल तर यातलं काहीच नाही.

अडलं ते असं. मूल सापडलं एका उपविभागात, घर दुसऱ्या उपविभागात. एका कार्यालयाचं म्हणणं, रहिवासी तुमचा, दाखला तुम्ही द्या. दुसऱ्याचं म्हणणं, घटना तुमच्याकडची, चौकशी तुम्ही करा. फाइल या आवक रजिस्टरमधून त्या आवक रजिस्टरमध्ये फिरत राहिली. नियम स्पष्ट आहे की सुटका जिथे झाली तिथल्या दंडाधिकाऱ्यांनी चौकशी करून दाखला द्यायचा. वेठबिगार कायद्याच्या कलम 13 प्रमाणे जिल्ह्याला आणि प्रत्येक उपविभागाला दक्षता समिती असायला हवी, आणि तिचं पहिलंच काम म्हणजे हा कायदा नीट राबवला जातो की नाही यावर दंडाधिकाऱ्यांना सल्ला देणं. समिती कागदावर होती. तिची बैठक कधी झाली, हे कुणालाच सांगता आलं नाही.

इथे आम्ही राज्य बाल हक्क आयोगाकडे गेलो. महाराष्ट्राचा हा आयोग 2007 पासून आहे, 2005 च्या केंद्रीय कायद्याखाली. साक्षीदाराला बोलावणं, कागद मागवणं यासाठी त्याला दिवाणी न्यायालयाचे अधिकार आहेत. तो शेवटी शिफारस करतो, हुकूम देत नाही, म्हणून वकील मंडळी त्याच्याकडे दुर्लक्ष करतात. माझ्या मते ती मोठी चूक आहे. आयोगाने जिल्हाधिकाऱ्यांकडून अहवाल मागवल्याचं पत्र आलं, की खालच्या प्रत्येक टेबलाला त्या फाइलचा ठावठिकाणा सांगावा लागतो. आमच्या फाइलला पाय फुटले ते त्या पत्रानंतर.

राज्य मानवी हक्क आयोगाकडेही जावं असं बरोबरच्या कार्यकर्त्यांचं मत होतं. मुंबईतला हा आयोग 2001 पासून काम करतो, 1993 च्या मानवी हक्क संरक्षण कायद्याखाली. पण दोन गोष्टी आड आल्या. या आयोगापुढे तक्रार मालकाविरुद्ध चालत नाही. ती सरकारी सेवकाने हक्क मोडल्याची किंवा हक्कभंग रोखण्यात हयगय केल्याची असावी लागते. आणि एका आयोगापुढे प्रकरण चालू असेल तर दुसरा त्यात हात घालत नाही. दोन्हीकडे एकाच वेळी अर्ज टाकले तर दोघंही एकमेकांकडे बोट दाखवायची भीती. मूल, शाळा, बालगृह, दाखला हे सगळं एकाच धाग्यात मांडता येईल असं दार बाल हक्क आयोगाचं होतं, म्हणून ते निवडलं. मानवी हक्क आयोगाची मुदत घटनेपासून एक वर्षाची आहे, ती तारीख मी डायरीत लिहून ठेवली होती.

दाखला आला तेव्हा उन्हाळा सरत आला होता. पहिला मसुदा पाहिला आणि तो परत द्यावा लागला. त्यात लिहिलं होतं, 'सदर बालकामगारास कामावरून मुक्त करण्यात येत आहे.' ना 1976 च्या कायद्याचा उल्लेख, ना उचलीचा, ना कर्ज संपल्याचा. लिपिकाने जुना नमुना वापरला होता, त्याच्या मनात काही वाईट नव्हतं. पण त्या कागदावर पुनर्वसनाचा प्रस्ताव मंजूर झाला नसता. प्रांतसाहेबांसमोर कायदा उघडून बसलो. त्यांनी कलम 2, कलम 4 आणि कलम 6 स्वतः वाचली, मसुदा खोडला आणि नवीन सांगून लिहवला. त्यात बापाचं नाव, उचलीची रक्कम, मुलाने राबलेला काळ आणि 'हे कर्ज संपुष्टात आले आहे' हे वाक्य आलं. त्या वाक्याची प्रत आम्ही बापाच्या हातात दिली आणि त्याला दोनदा वाचून दाखवली.

जिनिव्हा, मासेरू आणि नाशिक

बालहक्कांच्या कार्यशाळांत आपल्याकडे संयुक्त राष्ट्रांच्या बालहक्क संहितेचा उल्लेख हमखास होतो. भारताने ती 11 डिसेंबर 1992 ला स्वीकारली. बालमजुरीवरचे आंतरराष्ट्रीय श्रम संघटनेचे 138 आणि 182 हे दोन करारही 2017 मध्ये मान्य केले. पण या संहितेखाली एखाद्या मुलाला थेट जिनिव्हातल्या बालहक्क समितीकडे तक्रार करता येईल, असा जो तिसरा पूरक करार आहे, तो भारताने स्वीकारलेला नाही.

आफ्रिकेत मधली एक पायरी आहे. त्या खंडाची स्वतःची बालहक्क सनद 1990 मध्ये मंजूर झाली आणि 1999 मध्ये अमलात आली. तिच्यावर देखरेख करणाऱ्या तज्ज्ञ समितीचं कार्यालय आता लेसोथोतल्या मासेरूला आहे. मॉरिटानियात जन्मापासून गुलामीत राबलेले दोन लहान भाऊ 2011 मध्ये पळून सुटले. त्यांच्या मालकाला देशातल्या न्यायालयाने दोन वर्षांची शिक्षा दिली आणि काही महिन्यांतच तो जामिनावर बाहेर आला. संघटनांनी प्रकरण या समितीकडे नेलं आणि समितीने 2017 मध्ये सरकारलाच दोषी धरलं: मुलांना वाचवण्यात, मालकाला पुरेशी शिक्षा करण्यात तुम्ही कमी पडलात. पश्चिम आफ्रिकी देशांच्या न्यायालयाने 2008 मध्ये नायजर सरकारला असंच जबाबदार धरलं होतं. लहानपणी विकल्या गेलेल्या एका बाईला भरपाई द्यायला लावली.

दक्षिण आशियात 2002 मध्ये काठमांडूला सार्क देशांनी बालकल्याणाचा करार केला. सहकार्याचं त्यात बरंच आहे, पण मुलाने जाऊन ठोठवावं असं दार नाही. त्यामुळे आमच्या मुलासाठी 'प्रादेशिक संस्था' म्हणजे प्रांत कार्यालय, बालकल्याण समिती, आदिवासी विकास प्रकल्प कार्यालय आणि मुंबईतले दोन आयोग. मॉरिटानियाच्या निकालातली रीत मात्र इथे उपयोगी पडली. आयोगाकडच्या अर्जात मी मालकापेक्षा सरकारच्या कर्तव्यावर भर दिला: दक्षता समितीची बैठक नाही, शाळेने नाव कमी केलं, दाखल्याची टोलवाटोलवी. आयोगाने नेमक्या त्याच मुद्द्यांवर अहवाल मागवला.

पैसे, खातं आणि शाळा

अ‍ॅट्रॉसिटी कायद्याच्या कलम 3(1)(ह) मध्ये अनुसूचित जातीजमातीच्या माणसाकडून वेठ करून घेणं हा गुन्हा आहे. नियमांप्रमाणे अर्थसाहाय्य एक लाख. त्यातला पाव हिस्सा गुन्हा नोंदवल्यावर, अर्धा दोषारोपपत्रानंतर, उरलेला शिक्षा झाल्यावर. त्याला जातीचा दाखला लागतो आणि तो ना मुलाकडे होता ना बापाकडे. आजोबांच्या शाळेची नोंद नसते, कारण आजोबा शाळेत गेलेलेच नसतात. गृहचौकशी करून, पाड्यावरच्या नातेवाइकांच्या दाखल्यांचा आधार घेऊन तो काढावा लागला. हे काम एका तलाठ्याने मनापासून केलं, सुट्टीच्या दिवशी पाड्यावर येऊन.

मग प्रश्न आला खात्याचा. अज्ञान मुलाचं खातं पालकाच्या नावाने उघडतं, आणि पालक म्हणजे ज्याने उचल घेतली तोच बाप. बापाला दोष देण्याचा माझा हेतू नाही. पण पाड्यावर पैसे आल्याची बातमी मध्यस्थाला सर्वांत आधी कळते, आणि बाप नाही म्हणू शकत नाही हे एकदा दिसलं होतं. समितीने आदेश दिला की खातं आईच्या पालकत्वाखाली उघडायचं आणि मोठ्या रकमेला समितीच्या परवानगीशिवाय हात लावायचा नाही. मिशन वात्सल्य या केंद्राच्या बालसंरक्षण योजनेतलं दरमहा चार हजारांचं प्रायोजकत्वही त्याच खात्यावर मंजूर झालं. तातडीची मदत आली. दोन लाखांचा प्रस्ताव गेला आहे. योजनेत लिहिलंय की शिक्षेचा तपशील नाही म्हणून प्रस्ताव अडवायचा नाही, पण अंतिम रक्कम न्यायालयीन प्रक्रियेला जोडलेली आहे. म्हणजे मुलगा किती वर्षांचा झाल्यावर ती मिळेल हे सत्र न्यायालयाच्या बोर्डावर अवलंबून आहे. ही अट काढायलाच हवी. राबल्याचा पुरावा प्रांतांनी तपासला, दाखला दिला, मग पैशांसाठी दुसऱ्याच्या शिक्षेची वाट मुलाने का बघायची?

शाळेत तो वयाप्रमाणे पाचवीत बसला, शिक्षण हक्क कायद्याच्या कलम 4 नुसार. मधला अभ्यास भरून काढायला वेगळा वर्ग मिळायचा असतो. तो शिक्षकांनी संध्याकाळी घेतला. पहिले काही दिवस तो पहाटे उठून कुंपणापाशी जाऊन उभा राहायचा. गणितात पुढे आहे, वाचनात मागे.

खटला चालू आहे. मेंढपाळ जामिनावर आहे. वेठबिगार कायद्याचे गुन्हे जामीनपात्रच आहेत, आणि बाकी कलमांवरही न्यायालयाने अटी घालून जामीन दिला. मध्यस्थाचं नाव दोषारोपपत्रात आलं. माझ्या दृष्टीने या खटल्यात तोच मुख्य आरोपी आहे, आणि साक्षीपुराव्यात सगळा भर तिथेच राहील.

यंदा नवरात्रात, स्थलांतर सुरू व्हायच्या आधी, त्या गावच्या ग्राम बाल संरक्षण समितीची बैठक झाली. सरपंच, अंगणवाडी ताई, शिक्षक आणि पाड्यावरच्या बायका होत्या. शाळेच्या पटावरून एकेक नाव वाचून मूल कुठे आहे ते विचारलं गेलं. एका नऊ वर्षांच्या मुलीच्या नावाशी सगळ्या थांबल्या. तिच्या घरात उचल आली आहे, असं तिच्याच आत्याने सांगितलं. मुलगी अजून गावातच आहे. तिच्यासाठीचा अर्ज आम्ही प्रांतसाहेबांकडे दिला आहे, वेठबिगार कायद्याच्या कलम 12 खाली. सक्तीची मजुरी कुठे चालते का याची चौकशी करून ती थांबवायची जबाबदारी ते कलम त्यांच्यावर टाकतं. सुनावणी पुढच्या आठवड्यात आहे, आणि दक्षता समितीची बैठकही त्याच दिवशी लावली आहे.